बराबरच्या गुहेतले पाच सेकंद



जमिनीच्या पोटात एक देवस्थान आहे. आत मूर्ती नाही, समई नाही. आत जाऊन ठरावीक स्वर लावला की बाहेरचा काळ मंदावतो, स्वर चढवला की धावू लागतो. अशा जागेविषयी आज बोलावं, अशी आयोजकांची इच्छा. ज्यांच्या स्मरणार्थ ही व्याख्यानमाला चालते त्यांना आधाराशिवाय केलेलं विधान खपत नसे, हेही आयोजकांनी मला दोनदा बजावलं आहे. म्हणजे काल्पनिक जागेवर बोलायचं आणि खरं तेवढंच बोलायचं. पेच मोठा आहे, पण त्यातून एक वाट निघते.

ती वाट पुराणातून सुरू होते. भागवताच्या नवव्या स्कंधात ककुद्मी नावाचा राजा आपल्या मुलीला, रेवतीला, घेऊन ब्रह्मदेवाकडे जातो. मुलीला वर कोण शोधावा, एवढंच विचारायचं असतं. पण तिथे गंधर्वांचं गाणं चालू असतं. मध्येच बोलणं बरं नव्हे म्हणून राजा गाणं संपेपर्यंत थांबतो. संपल्यावर प्रश्न विचारतो, तेव्हा ब्रह्मदेव हसतात. राजाने मनात धरलेले सगळे वर कधीच गेले, त्यांच्या नातवंडांची नावंसुद्धा आता कोणाला ठाऊक नाहीत, कारण दरम्यान सत्तावीस चतुर्युगं उलटली आहेत. मैफलीतून मध्येच न उठणाऱ्या रसिकाने एवढी किंमत मोजल्याचं दुसरं उदाहरण मला माहीत नाही. (रेवतीचं पुढे बलरामाशी लग्न झालं, म्हणजे थांबणं अगदीच वाया गेलं नाही.)

या कथेत ध्वनी आहे आणि काळ आहे, गुहा नाही. गुहा दहाव्या स्कंधात सापडते. देवांच्या बाजूने लढून दमलेला मुचकुंद एका गुहेत युगानुयुगं झोपलेला असतो. कालयवनाच्या लाथेने तो जागा होतो आणि बाहेर येऊन पाहतो तर माणसं, जनावरं, झाडं सगळीच खुजी झालेली. त्यावरून तो ओळखतो की कलियुग आलं. इथे गुहा आहे, काळ आहे, पण ध्वनी नाही. तिन्ही गोष्टी एकत्र भेटतात त्या कुराणाच्या अठराव्या सूरेत. श्रद्धेसाठी छळ होत असलेले काही तरुण गुहेत आसरा घेतात आणि तीनशे नऊ वर्षं झोपतात. त्यांना झोपवलं कसं, याचं वर्णन फार विलक्षण आहे: देवाने त्यांचे कान बंद केले. डोळे नव्हे, कान. ज्याला ऐकू येत नाही त्याच्यासाठी काळ सरकत नाही, असं त्या कथनकाराला वाटलं असावं. मला ते पटतं. डोळे मिटले तरी बाहेर काय चाललंय ते कळत राहतं. कान मिटायची सोय निसर्गाने ठेवलेलीच नाही.

या कथांना जोडून नवी कथा रचणं सोपं होतं. ते मी करणार नाही. बिहारमध्ये एक खरी जागा आहे. तिथून एका इंग्रज कादंबरीकाराने काल्पनिक जागा घडवली, आणि त्या खऱ्या जागेत जे लोक राहत होते त्यांचं काळाविषयीचं मत इतकं टोकाचं होतं, की आपली कल्पना त्यापुढे भित्री वाटते.

गयेच्या उत्तरेला, आजच्या जहानाबाद जिल्ह्यात, बराबर आणि नागार्जुनी नावाच्या ग्रॅनाइटच्या टेकड्या आहेत. बराबरवर चार गुहा, शेजारच्या नागार्जुनीवर तीन. सह्याद्रीच्या काळ्या दगडात लेणी पाहायची सवय असलेल्या आपल्यासारख्यांना तिथे पहिला धक्का दगडाचाच बसतो. ग्रॅनाइट बेसॉल्टपेक्षाही चिवट. त्यात खोदलेल्या या गुहा भारतातल्या आजवर टिकलेल्या खोदीव लेण्यांमध्ये सर्वांत जुन्या आहेत. कार्ल्याचं चैत्यगृह त्यांच्यानंतर जवळपास तीनशे वर्षांनी झालं. खांब नाहीत, स्तूप नाही, भिंतीवर चित्र नाही, शिल्प नाही. लोमश ऋषी गुहेच्या दारावर लाकडी कमानीची हुबेहूब नक्कल आणि हत्तींची रांग कोरली आहे तेवढीच सजावट, आणि नेमकी तीच गुहा आतून अपुरी राहिली. बाकीच्यांत आहे ती फक्त झिलई. भिंती आणि कमानदार छत आरशासारखं चकचकीत घासलेलं. काडी पेटवली तर भिंतीत दुसरी ज्योत दिसते.

सुदामा गुहेचं बाहेरचं दालन सुमारे दहा मीटर लांब आणि सहा मीटर रुंद आहे. छत मधोमध पावणेचार मीटर उंच. त्याच्या एका टोकाला दुसरी, गोल खोली आहे, सहा मीटरच्या आतबाहेर व्यासाची. तिची बाहेरून दिसणारी भिंत गवताने शाकारलेल्या झोपडीसारखी घडवली आहे, वळचणीसकट. राजाच्या पैशाने, कल्पनेपलीकडच्या मेहनतीने, ग्रॅनाइटमध्ये झोपडी कोरायची! संन्यासाला राजाश्रय मिळाला की असे प्रकार होतात.

राजा म्हणजे अशोक. अभिषेकाच्या बाराव्या वर्षी, म्हणजे इ. स. पू. २५७ च्या सुमारास, त्याने सुदामा आणि विश्वकर्मा या गुहा दान दिल्या, असं दाराशी कोरलेल्या लेखांत आहे. त्याचा नातू दशरथ याने गादीवर येताच नागार्जुनीच्या तिन्ही गुहा दिल्या. पावसाळ्यात राहण्यासाठी, चंद्रसूर्य असेपर्यंत. ही मुदत आपल्याला ताम्रपटांतून ओळखीची आहे. दान घेणारे मात्र बौद्ध नव्हते, जैनही नव्हते. ते आजीविक होते.

आजीविकांचा स्वतःचा एकही ग्रंथ उरलेला नाही. त्यांच्याविषयी जे कळतं ते बौद्ध आणि जैन ग्रंथांतून, म्हणजे प्रतिस्पर्ध्यांकडून. निवडणुकीच्या काळात एका पक्षाची माहिती दुसऱ्या पक्षाच्या सभेत ऐकावी तशी ती चाळूनच घ्यायला हवी. ए. एल. बॅशम यांनी १९५१ साली प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात हे चाळण्याचं काम केलं आहे आणि आजही सुरुवात तिथूनच करावी लागते. आजीविकांचा आचार्य मक्खली गोसाल हा बुद्ध आणि महावीर यांचा समकालीन, आणि महावीरांचा तर काही काळ सोबती. त्याचं मत एका शब्दात सांगायचं तर नियती. जे व्हायचं ते ठरलेलं आहे. पुण्याने संसार आखूड होत नाही, पापाने लांबत नाही. प्रत्येक जीवाला चौऱ्याऐंशी लाख महाकल्प फिरायचं आहे, शहाण्यालाही तेवढंच आणि मूर्खालाही तेवढंच. बौद्धांच्या दीघनिकायात यासाठी दोऱ्याच्या गुंडीचा दृष्टान्त दिला आहे: फेकलेली गुंडी दोरा संपेपर्यंत उलगडत जाते, तिला ना घाई करता येते ना थांबता. कालमापनासाठी त्यांनी गंगेच्या पात्रातली वाळू घेतली, दर शंभर वर्षांनी एक कण उचलायचा. आणि ही नुसती सुरुवात.

आता गंमत पाहा. ज्या गुहेत ध्वनी काळाला वळवतो अशी गुहा कल्पायची, तर भारतातली पहिली घुमणारी खोदीव गुहा अशा लोकांना मिळाली, ज्यांच्या मते ब्रह्मांडात कोणीही कशानेही काळाला वळवू शकत नाही.

घुमणारी हा शब्द मी जपून वापरतो. घुमणं निराळं आणि प्रतिध्वनी निराळा. विजापूरच्या गोलघुमटात सहलीला गेलेली मुलं आपलं नाव ओरडतात आणि घुमट ते नाव स्पष्टपणे परत करतो, कारण तिथे आतला व्यास अडतीस मीटरच्या जवळपास आहे. समोरच्या भिंतीवर जाऊन परत यायला आवाजाला पाव सेकंदापेक्षा थोडा कमी वेळ लागतो. तेवढी फट मिळाली की कान दोन आवाज वेगळे ओळखतो. सुदामाच्या दालनात समोरची भिंत दहा मीटरवर. जाणं-येणं सेकंदाच्या सोळाव्या-सतराव्या हिश्शात होतं. फट नसतेच. तुमचा शब्द तुमच्याच पुढच्या शब्दावर चढतो, त्यावर तिसरा, आणि सगळ्यांचा मिळून एक गुंजारव होतो. तिथे गुहा उत्तर देत नाही. ती तुमचंच बोलणं पुसट करत लांबवते.

किती लांबवते? हे मोजायची रीत वॉलेस सबाइन या हार्वर्डच्या तरुण प्राध्यापकाने घालून दिली. १८९५ साली विद्यापीठाने त्याला एक नवं व्याख्यानगृह दुरुस्त करायला सांगितलं, कारण तिथे उच्चारलेला शब्द साडेपाच सेकंद रेंगाळायचा आणि विद्यार्थ्यांना काहीच कळायचं नाही. (आजच्या सभागृहाविषयी माझी काही तक्रार नाही.) रस्त्यावरचे आवाज थांबल्यावर रात्री-बेरात्री सबाइन शेजारच्या नाट्यगृहातल्या खुर्च्यांच्या गाद्या उचलून आणायचा, एकेक गादी वाढवत जायचा, ऑर्गनची एक नळी वाजवून थांबवायचा आणि आवाज कानाआड होईपर्यंतचा वेळ घड्याळाने नोंदायचा. मोजता मोजता त्याच्या लक्षात आलं की आपल्या अंगावरचे कपडेसुद्धा आवाज पितात. तोवरची ढीगभर निरीक्षणं त्याने फेकून दिली आणि पुढे मोजणीच्या वेळी कायम तेच कपडे घातले. या खटाटोपातून निघालेलं सूत्र साधं आहे: खोली जितकी मोठी तितका घुमारा लांब, आणि आवाज पिणारा पृष्ठभाग जितका जास्त तितका तो आखूड. तेव्हापासून खोलीचं मोठेपण मीटरबरोबरच सेकंदांतही सांगता येतं.

हे सूत्र मी सुदामाच्या बाहेरच्या दालनाला लावून पाहिलं. ढोबळ हिशेब आहे. दालनाचं आकारमान सुमारे दोनशे घनमीटर. घासलेला ग्रॅनाइट आवाजाचा शंभरातला एखाद-दुसरा भागच पितो. दार अरुंद, त्यातून थोडा आवाज निसटतो. उत्तर येतं पाच सेकंदांच्या वरखाली. एवढीशी खोली, म्हणजे एखाद्या शाळेच्या वर्गापेक्षा जराशी मोठी, आणि तिच्यात मोठ्या चर्चइतका घुमारा! आता त्याच दालनात वीस माणसं बसवा. प्रत्येक माणूस साधारण अर्धा चौरस मीटर उघड्या खिडकीइतका आवाज पितो. पाचाचे दोन सेकंद होतात. म्हणजे गुहेतला काळ माणसांच्या संख्येवर अवलंबून आहे. एकट्या साधूचा ओंकार पाच सेकंद जगतो, संघाचा दोनच. त्यातही आजीविक नग्न राहत, त्यामुळे सबाइनला छळणारी कपड्यांची भानगड त्यांना नव्हती. दोनाऐवजी सव्वादोन धरायला हरकत नाही.

एवढ्यावरून कोणी म्हणेल की झिलई आवाजासाठीच केली होती. मी तसं म्हणणार नाही. अशोकाचे स्तंभ उघड्या मैदानात उभे आहेत आणि तेही असेच चकचकीत आहेत. तिथे घुमायला काही नाही. झिलई हा त्या काळच्या राजकारागिरांचा हातखंडा होता, आवाज त्यातून आपोआप आला. माल्टा बेटावर हाल साफ्लिएनी नावाचं जमिनीखालचं तीनमजली दफनस्थान आहे, १९०२ साली सापडलेलं आणि बराबरपेक्षा कितीतरी जुनं. तिथल्या एका खोलीत ११० हर्ट्झच्या आसपासचा पुरुषी आवाज जबरदस्त घुमतो. त्यावरून तो आकडा पवित्र होता, मेंदूवर त्याचा खास परिणाम होतो, असं बरंच लिहिलं गेलं. पण टणक भिंतींची प्रत्येक लहान खोली कुठल्या ना कुठल्या स्वराला घुमतेच. दीड मीटर अंतरावर दोन समोरासमोर भिंती असल्या की ११४ हर्ट्झ आलाच. न्हाणीघरात आपण सगळे भीमसेन होतो ते यामुळेच, आणि न्हाणीघर बांधणाऱ्या गवंड्याच्या मनात तसं काही नसतं.

हेतू सिद्ध होत नाही, परिणाम मात्र होतोच, आणि तो काळावर होतो. पाच सेकंदांच्या घुमाऱ्यात द्रुत तान घ्या. तिचा नुसता चिखल होतो. कोणताही गायक दोन मिनिटांत शहाणा होतो: लय उतरवतो, स्वर लांबवतो, मागचा स्वर विझत आला की पुढचा ठेवतो. युरोपातल्या दगडी चर्चमधलं स्तोत्रगायन संथ राहिलं, त्यात भक्तीइतकाच वाटा त्या दगडाचा असला पाहिजे. म्हणजे ध्वनी काळाला वळवत नाही, दगड ध्वनीला वळवतो आणि त्याच्यामागून माणसाचा काळ वळतो. उच्चारलेला स्वर, त्याच्या आधीचा आणि त्याच्याही आधीचा, तिन्ही एकाच वेळी कानात असतात. आपोआप हार्मोनी तयार होते, ती माणसाने स्वतःच्या भूतकाळाबरोबर केलेली असते.

घड्याळाचा आधार काढून घेतला तर गुहेत काळाचं काय होतं, याचा प्रयोग १९६२ साली मिशेल सिफ्र या तेवीस वर्षांच्या फ्रेंच भूगर्भशास्त्रज्ञाने स्वतःवर केला. आल्प्समधल्या स्कारासोन नावाच्या हिमगुहेत तो घड्याळाशिवाय एकटा दोन महिने राहिला. वरच्या सहकाऱ्यांना तो फोन करी, पण ते त्याला वेळ सांगत नसत. फोनवर तो एक ते एकशेवीस आकडे मोजायचा, सेकंदाला एक या बेताने. त्याला वाटे दोन मिनिटं झाली, वरच्या घड्याळात पाच झालेली असत. १४ सप्टेंबरला त्याला बाहेर काढलं तेव्हा त्याच्या वहीत २० ऑगस्ट होता. जवळजवळ चार आठवडे त्याच्या आयुष्यातून गेलेच नव्हते. मुचकुंदाची कथा ज्याने रचली तो अनुभवी माणूस होता, असं मला सिफ्रची हकिकत वाचल्यापासून वाटतं. गुहेत काळ सैल पडतो. चातुर्मास गुहेत काढणाऱ्या आजीविकाला कदाचित तो अडीच महिन्यांचाच वाटत असेल, आणि तरी चौऱ्याऐंशी लाख महाकल्पांच्या हिशेबात त्याने काही फरक पडत नाही हे त्याला पाठ असेल.

आता त्या इंग्रज कादंबरीकाराकडे येतो. ई. एम. फॉर्स्टर १९१३ च्या जानेवारीत बराबरला गेला. त्याच्या ‘अ पॅसेज टु इंडिया’ या १९२४ च्या कादंबरीत या गुहांचं नाव मराबार झालं. दारातून छोटा बोगदा, पुढे वीसेक फूट व्यासाची गोल खोली, झिलई, काडीची ज्योत, सगळं सुदामाच्या आतल्या खोलीशी मिळतंजुळतं. पण फॉर्स्टरने गुहेत एक गोष्ट घातली जी ध्वनिशास्त्रात बसत नाही. आत काहीही उच्चारा, देवाचं नाव घ्या की नाक शिंकरा, गुहा एकच बोथट आवाज परत करते. मिसेस मूर ही म्हातारी तो ऐकते आणि तिच्या मनातल्या सगळ्या गोष्टींची किंमत एक होऊन जाते, म्हणजे शून्य. देव, मुलं, कविता, घाण, सगळं सारखं. तिच्याबरोबर आलेल्या अ‍ॅडेला या तरुणीच्या कानात तो घुमारा पुढे अनेक आठवडे राहतो आणि गुहेतल्या प्रसंगावरून केलेला आरोप ती भर कोर्टात मागे घेते तेव्हा थांबतो. पाच सेकंदांचे आठवडे करणारी गुहा! काल्पनिक जागा हवी होती ना, ही घ्या.

मात्र फॉर्स्टर ज्याला भयंकर म्हणतो ते आजीविकाला रोजचं होतं. सगळ्यांचं सारखंच होणार, संताचं आणि चोराचं, हे ऐकून मिसेस मूर खचते. आजीविक तेच ऐकून पावसाळाभर तिथे राहायचा. आणि गायचा. हे मी कल्पनेने सांगत नाही. जैनांच्या भगवतीसूत्रात गोसालाच्या शेवटच्या दिवसांची हकिकत आहे: श्रावस्तीत हालाहला नावाच्या कुंभारणीच्या घरी तो तापाच्या भरात गात होता, नाचत होता. जैन ग्रंथकार ते वेड म्हणून सांगतो. पण त्याच ठिकाणी आजीविकांच्या ‘आठ शेवटच्या गोष्टीं’ची यादी दिली आहे, आणि तिच्यात शेवटचं पेय, शेवटचं गाणं, शेवटचं नृत्य आहे. बॅशम यांनी यावरून अंदाज बांधला की गाणं आणि नाच यांना या पंथाच्या धर्माचरणात स्थान होतं. मला तो अंदाज पटतो.

इथेच आपल्या काल्पनिक देवस्थानाशी माझं भांडण आहे. तिथे गाणारा काहीतरी घडवायला गातो. काळ थांबावा, मरण टळावं, पीक लवकर यावं. आपल्या आरत्यांतही शेवटी मागणं असतंच. ज्याच्या हिशेबात एक क्षणही इकडचा तिकडे होणार नाही, तो गातो तेव्हा त्याच्या गाण्यात मागणं उरतच नाही. नवसाशिवायचं, फळाशिवायचं गाणं. गीता कर्माविषयी जे सांगते, ते आजीविकाने गाण्यात करून दाखवलं असं म्हणायचा मोह होतो. पण गीतेचा करणारा आपण काही करतो आहोत असं मानतो, आजीविक तेही मानत नाही. त्यामुळे मोह आवरतो.

फॉर्स्टरलाही गुहेतून बाहेर पडायला गाणंच लागलं, आणि ते एका मराठा संस्थानातून आलं. कादंबरी अर्धवट पडली होती. १९२१ साली तो देवास थोरल्या पातीच्या तुकोजीराव पवारांचा खासगी सचिव म्हणून काही महिने राहिला. पवार मराठे, दरबार मराठी वळणाचा. तिथला गोकुळाष्टमीचा उत्सव त्याने पाहिला: दिवसरात्र टाळ, मृदंग, गलका, गुलाल, आणि तो पाहून साहेब हैराण. पण कादंबरीचा शेवटचा भाग त्या उत्सवातूनच आला. त्यात देवळातले गवई तुकारामांचं नाव घेत गातात. देव कधी जन्मला, अजून जन्मायचा आहे का, याचा गोंधळ त्या भागात मुद्दाम ठेवलेला आहे. मध्यरात्रीचा मुहूर्त आणि गाण्याचा भर यांचा मेळच बसत नाही, आणि कोणाला त्याची फिकीरही नाही. गुहेत एकाच आवाजाने सगळ्याची किंमत शून्य केली होती. देवळातही सगळं एकत्र कालवलं जातं, पण तिथे कोणी खचत नाही. गोंगाटाला इतकी दाद देणारा इंग्रज लेखक विरळा.

आजीविक उत्तरेत फार टिकले नाहीत. दक्षिणेत मात्र चौदाव्या शतकापर्यंत त्यांचा माग लागतो. बराबरच्या लेखांतून त्यांचं नाव नंतर कोणीतरी छिन्नीने खरवडून टाकलं आहे. बाकीची अक्षरं तशीच ठेवून नेमकं तेवढंच. पुढे मौखरी राजा अनंतवर्मन् याने त्याच गुहांत कृष्णाची, देवीची स्थापना केल्याचे लेख कोरले. चंद्रसूर्य अजून आहेत, दानपत्राची मुदत संपलेली नाही, घेणारे तेवढे उरले नाहीत.

व्याख्यानाच्या अखेरीस प्रश्नोत्तरं आहेत, तेव्हा एक काम तुमच्यावर सोपवतो. माझे पाच सेकंद कागदावरचे आहेत. तुमच्यापैकी कोणी बोधगयेला जाणार असाल तर एक दिवस वाढवा. पाटणा–गया मार्गावर मखदुमपूरला उतरून टेकडीकडे जाता येतं. बरोबर एक फुगा आणि आवाज नोंदवणारा मोबाइल न्या. सुदामाच्या बाहेरच्या दालनात फुगा फोडा, आधी रिकाम्यात, मग दहा माणसं आत घेऊन, मग वीस. नोंदी मला पाठवा, चूक निघाली तर सूत्र कुठे घसरलं ते आपण बसून पाहू. फक्त श्रावणात जाऊ नका. टेकडीवर सिद्धेश्वरनाथाचं देऊळ आहे आणि सोमवारी तिथे इतकी गर्दी असते की फुग्याचा आवाज तुम्हालाच ऐकू येणार नाही.